एमिल नावाचा परपुरुष

माझा स्वभाव संशयी नाही. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढची हकिकत ऐकून लोक भलतंच काहीतरी बोलतात. चारचौघांना जेवढा मत्सर वाटतो तेवढाच मलाही वाटतो. फरक एवढाच की चारचौघांना तो जिवंत माणसाचा वाटतो. मला ज्याचा वाटला तो गृहस्थ पन्नास वर्षांपूर्वीच्या एका जर्मन मूकपटातला होता. त्याचं नाव एमिल, आणि माझी बायको सुलेखा दिवसातून वीस वेळा त्याचं नाव घ्यायची.

माझं एकदाही नाही.

आता यावर आमच्यातले शहाणे म्हणतील, बायको नवऱ्याचं नाव घेत नाही यात नवल ते काय? कबूल. सुलेखाच्या माहेरी तर याबाबतीत फारच कडक कारभार. तिची आत्या सांगायची की बायकोने नवऱ्याचं नाव तोंडाने उच्चारलं की त्याचं आयुष्य कमी होतं. उखाण्यात घेतलं तर चालतं, तेवढी सूट. ठाण्याला आमच्या लग्नात सुलेखाने उखाणा घेतला होता आणि तो फार सुरेख होता असं सगळ्या बायका सांगतात. मी तिच्या शेजारच्याच पाटावर होतो. पण ती नावापर्यंत आली आणि नेमका बँडवाल्याने कर्णा फुंकला. त्यानंतर चार वर्षं 'अहो' आणि 'ऐकलंत का'. श्यामकांत हे माझं नाव माझ्या बायकोच्या तोंडून कसं वाटतं ते मला ठाऊकच नव्हतं. त्या बँडवाल्याला मी अजून माफ केलेलं नाही.

तर, साल १९६२. मी स्टुटगार्टला पाण्याच्या टर्बाइनवर डॉक्टरेट करत होतो. मी येऊन दोन वर्षं झाली होती, सुलेखा वर्षभराने आली होती. फ्राऊ हेफले नावाच्या विधवा बाईंच्या घरात वरच्या मजल्यावर आमच्या दोन खोल्या. स्वयंपाकघर खाली, दोघींत मिळून एक. घर टेकडीवर, म्हणजे भाजी आणायची तरी एकशे बारा पायऱ्या उतरायच्या आणि तितक्याच चढायच्या. मोजल्या आहेत.

आमच्या विद्यापीठात मुलांचं एक फिल्म मंडळ होतं. दर रविवारी अकरा वाजता ते लेक्चर हॉलमध्ये जुने सिनेमे दाखवायचे. पुढे एक निवृत्त शिक्षक पियानो वाजवायचे. माझा मित्र दिनकर, रसायनशास्त्रातला, अविवाहित आणि म्हणून संसारावर बोलण्याचा अधिकार असलेला, तो म्हणाला, "वहिनींना घेऊन चल. मुका सिनेमा आहे, जर्मन येत नाही म्हणून काही अडायचं नाही."

हा सगळा घोटाळा दिनकरमुळे झाला आहे, हे कुठेतरी नोंदलं जावं.

सिनेमा लग्नाचा होता. एमिल हा बँकेतला कारकून. डोक्यावर वाटोळी काळी हॅट, हातात काठी, नाकाखाली दोन्ही टोकं वर वळवलेली मिशी. त्याला एका बेकरीवाल्याची मुलगी हवी असते. मागणी घालायला जातो आणि पहिल्यांदा होणाऱ्या सासऱ्याच्या चष्म्यावर बसतो. मग गडबडीत मुलगी समजून तिच्या मावशीपुढे गुडघे टेकतो. कॉफी पिताना मिशी कपात बुडते. पिठाच्या पिंपात पडतो. शेवटी लग्न होतं, त्यात त्याच्या दोन पायांत दोन वेगळे बूट.

मला त्यात हसण्यासारखं काही दिसलं नाही. चष्म्यावर माणूस चुकून बसू शकतो.

पण सुलेखा! तिने पदराचा बोळा तोंडात कोंबला तरी हसू थांबेना. चष्म्यावर बसल्यापासून जी सुरू झाली ती दिवे लागेपर्यंत. डोळ्यांतून पाणी, नाक लाल. पुढच्या रांगेतली जर्मन माणसं सिनेमा सोडून हिच्याकडे वळून बघून हसायला लागली. माझ्या चार वर्षांच्या संसारात मी तिला पुष्कळ विनोद सांगितले होते. त्यावर ती "हो का?" म्हणायची.

पायऱ्या चढताना म्हणाली, "अहो, पुढच्या रविवारी परत हाच आहे. येऊ या?"

तीन रविवार आम्ही एमिल बघितला. चौथ्या रविवारी मी डोकं दुखतंय म्हणालो, तर ती फ्राऊ हेफलेंना विचारू लागली. त्यांना चर्चमध्ये जायचं होतं म्हणून निभावलं.

खरी आग पुढेच लागली. संध्याकाळी घरी आलो की खालच्या स्वयंपाकघरातून दोघींच्या बोलण्याचा आवाज यायचा. सुलेखाचं जर्मन वर्षभरात कामापुरतं झालं होतं, आणि त्या कामापुरत्या जर्मनमध्ये दर वाक्याला एमिल! मी जिन्यात उभा राहून ऐकायचो. चोरून नव्हे, माझाच जिना, पुढचं पाऊल टाकायचं की नाही हा माझा प्रश्न. "एमिलला बटाटे आवडत नाहीत." दोघींचं हसणं. "एमिल रोज सकाळी मोजे शोधत फिरतो." पुन्हा हसणं. सिनेमात मोजे नव्हते, बटाटेही नव्हते. मी म्हटलं, आता तर ही सिनेमात नसलेलं मनाने रचायला लागली! प्रकरण इतक्या थराला गेलं होतं. एकदा मी दारात गेलो तर सुलेखा एकदम गप्प झाली आणि कानापर्यंत लाल झाली. परपुरुषाचं नाव कसं लोण्यासारखं तोंडातून निघतं, आणि ज्याच्यासाठी सातासमुद्रापलीकडे आली त्याला मात्र 'अहो'!

दिनकर रविवारी जेवायला आला तेव्हा सुलेखा खाली आमटी आणायला गेली होती. मी त्याला विश्वासात घेतलं. त्याने सगळं शांतपणे ऐकलं आणि दाढी खाजवत निदान केलं.

"मिशी," तो म्हणाला.

"काय मिशी?"

"बायकांना मिशी आवडते, त्या कबूल करत नाहीत. तू अगदी गुळगुळीत. ठेव मिशी. तशीच, टोकं वळवलेली. आणि जरा हलकाफुलका हो. तू ना, जेवतानासुद्धा परीक्षा दिल्यासारखा बसतोस."

मी ताठ बसलो होतो ते सैल झालो.

फक्त मिशी ठेवायची, एवढाच बेत होता. पण मिशी हा काही खाजगी विषय राहत नाही. आठव्या दिवशी माझ्या प्रोफेसरांनी मला बाजूला घेऊन घरी सगळं ठीक आहे ना विचारलं. दहाव्या दिवशी फ्राऊ हेफलेंनी जिन्यात अडवलं आणि "आल्झो, ही अशी खाली पडलेली नाही चालायची," म्हणून त्यांच्या स्वर्गवासी नवऱ्याची मिशीपट्टी आणून दिली. ही पट्टी जाळीची असते, ती नाकाखाली घेऊन कानांमागे बांधायची, म्हणजे मिशी वर वळते. सोबत एक मेणाची डबी, बहुतेक तितकीच जुनी. वासावरून मी म्हणतो. मग त्यांना आठवलं की हॅटसुद्धा आहे. ती कै. हेफल्यांची हॅट माझ्या कानांवर टेकायची, म्हणून आत वर्तमानपत्राची घडी घातली.

सुलेखाने पहिल्या दिवशी पट्टी बांधलेली पाहिली आणि विचारलं, "दाढ दुखतेय का हो? लवंग देऊ?"

मी पट्टीची गाठ आणखी घट्ट केली. काही अपमान पचवायचेच असतात.

मग आली केरवोखे. स्टुटगार्टमध्ये राहिलेल्याला हे सांगायला नको. दारावर पाटी लागते, आणि ज्याच्या दारावर पाटी त्याने तो आठवडा जिना झाडायचा, पुसायचा, बाहेरची फरशी धुवायची. शब्दात केर आहे तेवढाच आपल्या ओळखीचा, बाकी शिस्त परक्यांची. शनिवारी पाटी आमच्याकडे होती. मी ठरवलं, हीच संधी. हॅट घातली, मिशीला मेण लावलं, झाडूची एमिलसारखी काठी केली, आणि सुलेखा खालच्या पायरीशी येताच वरून एमिलच्या चालीने, पाय बाहेर फाकून, उतरायला लागलो. तिसऱ्या पायरीवर हॅट डोळ्यांवर आली. चौथ्या पायरीवर साबणाच्या पाण्याची बादली होती. ती मीच ठेवली होती.

मी, बादली, झाडू आणि हॅट असे वेगवेगळे खाली पोचलो. फ्राऊ हेफले भिंतीला धरून हसल्या. दिनकर नेमका जेवायला येत होता, तो दारातच खाली बसून हसला. रस्त्यावरच्या पोस्टमनने टोपी काढून मला अभिवादन केलं.

सुलेखा हसली नाही. एवढी एक सोडून सगळं स्टुटगार्ट हसलं. ती धावत आली, माझं डोकं मांडीवर घेतलं आणि "लागलं का हो? कुठे लागलं?" करत रडायलाच लागली. एमिल पिठात पडला तेव्हा हिला हुंदका का फुटला नव्हता, असं माझ्या मनात आलं. माझ्या उजव्या गालाला भलं मोठं टेंगूळ आलं होतं. तिने त्यावर हळदीचा लेप दिला.

आणि सोमवारी आमच्या राहण्याच्या परवान्याची मुदत संपत होती.

परदेशी लोकांच्या नोंदणीचं ऑफिस खाली शहरात. तिथले हेर बुर्कले हे नियमाचे पक्के पण सज्जन गृहस्थ. मी खिडकीशी जाऊन पासपोर्ट आणि नवीन फोटो ठेवले. नवीन फोटो मिशी आल्यावर, पडण्याच्या आधी काढलेला. पासपोर्टातला मुंबईला काढलेला, गुळगुळीत. आणि खिडकीत मी: मेण लावलेली मिशी, एका बाजूचा गाल सुजलेला आणि पिवळा. हेर बुर्कल्यांनी तिन्हींकडे आळीपाळीने पाहिलं, चष्मा पुसला, पुन्हा पाहिलं.

"हे तीन वेगळे गृहस्थ आहेत," ते म्हणाले.

मी समजावलं. त्यांनीही समजावलं. ओळख पटल्याशिवाय शिक्का नाही, आणि आज शिक्का नाही तर कागद वरच्या ऑफिसात जाणार. तिथून परत येईपर्यंत मला इन्स्टिट्यूटमध्ये पाऊल टाकता येणार नाही. माझी टर्बाइनची चाचणी बुधवारी होती. दीड वर्षं मी त्या बुधवारची वाट बघत होतो.

"तुमची पत्नी आहे ना? तिला आणा. घरमालकिणीलाही आणा. चारच्या आत."

एकशे बारा पायऱ्या मी त्या दिवशी कशा चढलो ते मला आठवत नाही. साडेतीनला आम्ही तिघं खिडकीशी हजर. मागे रांग: दोन इटालियन, एक ग्रीक कुटुंब. सगळ्यांना वेळ होता आणि सगळ्यांना आमच्यात रस होता.

हेर बुर्कल्यांनी माझा पासपोर्ट हाताखाली झाकला आणि सुलेखाला विचारलं, "हे तुमचे पती?"

"हो," सुलेखा जर्मनमध्ये म्हणाली.

"त्यांचं नाव सांगा."

सुलेखा जमिनीकडे बघायला लागली.

"पतीचं नाव?"

तिने पदर सावरला. बोटाने माझ्याकडे दाखवलं.

"ते दिसतंय मला. नाव?"

"अगं, सांग ना!" मी मराठीत ओरडलो.

"अहो, कसं सांगू?" ती रडवेली झाली.

हेर बुर्कल्यांनी पेन खाली ठेवलं. जिला नवऱ्याचं नाव माहीत नाही अशी बायको त्यांच्या खिडकीशी पहिल्यांदाच आली असावी. ते फ्राऊ हेफलेंकडे वळले. "तुम्ही या गृहस्थांना ओळखता?"

"आख्, म्हणजे काय!" फ्राऊ हेफले छाती काढून पुढे झाल्या. "दोन वर्षं माझ्या वरच्या मजल्यावर राहतात. यांचं आडनाव मला बोलता येत नाही, मी हेर इंजिनियर म्हणते. पण घरचं नाव मला ठाऊक आहे. हे एमिल!"

मागच्या रांगेतल्या सगळ्यांनी माना पुढे काढल्या.

"कोण एमिल?" मी विचारलं.

"तुम्ही एमिल! बायको रोज सांगते की मला. एमिलला बटाटे आवडत नाहीत. एमिल सकाळी मोजे शोधत घरभर फिरतो आणि ते त्याच्या पायातच असतात. एमिल झोपेत टर्बाइनशी बोलतो. एमिलला परीक्षेची भीती वाटते, पण बायकोला कळू देत नाही." त्या हेर बुर्कल्यांकडे वळल्या. "फार चांगला मुलगा आहे. जिन्यावरून पडतो एवढंच."

मी सुलेखाकडे बघितलं. ती कानापर्यंत लाल झाली होती. अगदी त्या दिवशी स्वयंपाकघरात झाली होती तशी.

"मग काय म्हणणार होते मी यांना?" ती पुटपुटली. "वर्षभर नुसतं 'तो तो' म्हणायचे, तर या विचारायच्या, कोण तो, पोस्टमन का? नाव तर घेता येत नाही. सिनेमा बघितला आणि वाटलं, हे तर अगदी तुम्हीच! आमच्याकडे मुलगी बघायला आलात तेव्हा बाबांच्या चष्म्यावर नव्हतात का बसलात? आणि वर 'क्षमा असावी' म्हणून नमस्कार कोणाला केलात? मावशीला! मी दाराआडून बघत होते. तेव्हाच ठरवलं, करायचं तर याच माणसाशी. त्या एमिलला बघून मला दुसरं कोण आठवणार?"

तीन महिने. तीन महिने मी स्वतःवर जळत होतो! मेण लावून, जाळी बांधून, साबणाच्या पाण्यावरून घसरून मी जो व्हायला धडपडत होतो, तो मी आधीपासूनच होतो. मला हसावं की रडावं कळेना. गाल दुखत होता, त्यामुळे दोन्ही अवघड होतं.

हेर बुर्कल्यांना मराठी कळत नव्हतं, पण घड्याळ कळत होतं. "आल्झो," ते म्हणाले, "पासपोर्टवर एमिल नाही. घरमालकीण म्हणते एमिल. पत्नी काहीच म्हणत नाही. चारला दहा मिनिटं आहेत. मी हे कागद वर पाठवतो."

"सुलेखा, बुधवार!" मी कळवळून म्हणालो. "एकदा घे नाव. काही होत नाही."

"तुम्हाला नाही वाटत काही. आत्या म्हणायची ते खरं निघालं म्हणजे? तुम्ही परवा पडलात तेव्हा माझा जीव कुठे गेला होता ते मला माहीत. इथे या परमुलखात तुमच्याशिवाय मला कोण आहे हो?"

बँडवाल्याने आमच्यात जे काय केलं होतं ते सगळं त्या एका वाक्याने भरून निघालं. पण शिक्का मिळत नव्हता.

"उखाण्यात घे," मी म्हणालो. "उखाण्यात चालतं ना?"

"इथे? या लोकांपुढे?"

"त्यांना काय कळतंय!"

तिने मागे बघितलं. दोन इटालियन, ग्रीक आईबाप, त्यांच्या तीन मुली. मग तिने डोक्यावरून पदर घेतला, डोळे मिटले, दोन क्षण ओठ हलले, आणि स्पष्ट आवाजात म्हणाली:

"स्टुटगार्टच्या टेकडीवर जिन्यांच्या रांगा,
श्यामकांतरावांना मिशी शोभत नाही, कोणीतरी सांगा!"

या वेळी बँड नव्हता. श्याम-कांत-रावांना. मधला 'कां' ती जरा लांबवते. मला हे माहीत नव्हतं. मला माझं नाव कधीच विशेष वाटलं नव्हतं, आजोबांचं म्हणून मिळालेलं. पण ते इतकं बरं असेल असं कोणी सांगितलं नव्हतं. बाकी मिशीबद्दल ती जे म्हणाली ते मी तेव्हा मनावर घेतलं नाही.

इटालियनांनी टाळ्या वाजवल्या. हेर बुर्कले मात्र गोंधळले. "बाई गातात का? मी नाव विचारलं. पुन्हा एकदा, सावकाश, आणि थोडक्यात."

देव त्या माणसाचं भलं करो.

थोडक्यात म्हणजे नुसतं नाव, ते काही सुलेखा घेणार नव्हती. तिने पुन्हा डोळे मिटले.

"बाहेर ऊन, आत घाम,
श्यामकांतरावांचं नाव घेतलं, आता करा आमचं काम!"

हेर बुर्कल्यांनी पासपोर्टावरचा हात काढला, अक्षरावर बोट ठेवत "श्याम... कांत... गेनाऊ, बरोबर," असं वाचलं आणि शिक्का मारला. नवीन फोटो, मिशीवाला, परवान्यावर चिकटवला. एक वर्षाची मुदत.

पायऱ्या चढताना मी सहज विचारल्यासारखं केलं, "मग आता घरीही घेणार का नाव?"

"इश्श! दोनदा घेतलं की आज," ती म्हणाली. "आता मुदत संपली की बघू." आणि मग थांबून, "पण अहो, ती मिशी तेवढी काढा बाई."

मिशी मी काढली नाही. कशी काढणार? परवान्यावरच्या फोटोत मिशी होती. माणसाने कागदपत्रांशी प्रामाणिक राहावं. टर्बाइनची चाचणी पार पडली, दिनकरने त्याचं श्रेय मिशीला दिलं, आणि वर्षभर खालून "हेर एमिल, केरवोखे!" अशी हाक आली की मी बिनतक्रार झाडू घेऊन खाली जायचो.

बरोबर एक वर्षाने, ज्या सकाळी हेर बुर्कल्यांकडे जायचं होतं त्या सकाळी, मी सात वाजता उठून मिशी साफ काढून टाकली. गुळगुळीत. फोटोशी अजिबात जुळत नव्हतो. पुन्हा ओळख पटवावी लागणार होती, त्याला माझा इलाज नव्हता.

सुलेखाला सांगायला दुसऱ्या खोलीत गेलो. ती आरशासमोर केसांत पिना लावत होती. तिने माझ्या ओठांकडे एकदा पाहिलं आणि पुन्हा आरशाकडे वळली. पण तिची ठेवणीतली साडी नेसून झालेली होती, आणि पिना तोंडात धरून ती बोटांवर मोजत काहीतरी पुटपुटत होती. मी नीट कान दिला. यमक जुळवत होती.